शाबासकी टनांना, यंत्राला नाही

अलेक्सेई स्ताखानोव हे नाव निदान शाळेच्या इतिहासातून तरी अनेकांच्या कानावर गेलेले असते. अलेक्सेई बाखमुत्स्की हे नाव मात्र खाणउद्योगाचा अभ्यास करणाऱ्यांपलीकडे फारसे कोणी घेत नाही. दोघेही दोनबासच्या कोळसापट्ट्यातले आणि काळही एकच. स्ताखानोवने ३० ऑगस्ट १९३५ च्या रात्रपाळीत, दाबलेल्या हवेवर चालणारा हातोडा चालवून, पावणेसहा तासांत १०२ टन कोळसा पाडला. नेमून दिलेले काम होते सात टनांचे. त्याच्या तीन वर्षे आधी, १९३२ मध्ये, खाणीतला मेकॅनिक असलेल्या बाखमुत्स्कीने कोळसा कापणे, फोडणे आणि कन्व्हेयरवर चढवणे ही तिन्ही कामे एकाच यंत्राकडून करून घेणारे कोळसा-कंबाइन उभे केले होते. सोव्हिएत लिखाणात त्याला जगातले पहिले म्हणतात. स्ताखानोव १९३५ च्याच डिसेंबरात ‘टाइम’च्या मुखपृष्ठावर झळकला आणि पुढे १९७८ मध्ये कादियेव्का या शहरालाच त्याचे नाव दिले गेले. बाखमुत्स्की १९३९ मध्ये आपल्याच कंबाइनची चाचणी घेताना खाणीत मरण पावला. दैवाचा खेळ म्हणून हे सोडून देता येत नाही. सोव्हिएत खाणींत बुद्धीची वा विज्ञानाची वानवा नव्हती. घोडे पेंड खात होते ते शाबासकी कशाला द्यायची, या प्रश्नापाशी.

त्या १०२ टनांचा हिशेब जवळून पाहण्यासारखा आहे. स्ताखानोवच्या, म्हणजे इर्मिनोच्या खाणीतली ती कोळशाची भिंत ८५ मीटर लांबीची, आठ पायऱ्यांत विभागलेली. एरवी प्रत्येक कामगार आपल्या तुकड्यातला थोडा कोळसा पाडायचा, मग हातोडा बाजूला ठेवून छताला लाकडी टेकू द्यायचा, की पुन्हा पाडायला लागायचा. त्या रात्री टेकू लावायला दोन वेगळी माणसे मागे होती आणि पक्षसंघटक पेत्रोव दिवा धरून उभा होता. म्हणजे स्ताखानोवच्या हातातला हातोडा थांबलाच नाही. कामाची ही नवी वाटणी खरोखर उपयोगाची होती, ते नाकारण्यात अर्थ नाही. पण जगापुढे आला तो एका माणसाच्या दंडातला जोर. टेकू लावणारे दोघे बातमीतून गळाले. १९३६ मध्ये कामाची प्रमाणे वाढवण्यात आली आणि कालचा विक्रम आजच्या मजुरीची अट होऊ लागला. अशा हिशेबात नव्या यंत्राला जागा कुठून मिळणार? नवे यंत्र पहिले काही महिने बिघडतेच: दाते बोथट होतात, साखळी तुटते आणि दुरुस्तीपुरती ती सगळी भिंत खोळंबते. महिन्याअखेरीस टन मोजले जाणार हे ठाऊक असलेला व्यवस्थापक चाचणीसाठी जागा देताना हात आखडता घेणारच.

यावर खाणअभियंता म्हणेल की हा सगळा दोष शाबासकीच्या माथी मारणे अन्याय आहे. दोनबासमधले कित्येक थर पातळ आणि तीव्र उताराचे. इर्मिनोसारख्या उभ्या थरात त्या काळचे कंबाइन उतरवणे शक्यच नव्हते. हे मान्य. पण कमी उताराचे थरही तिथे होतेच, आणि तिथली गोष्ट फार बोलकी आहे. १९३० च्या दशकाच्या अखेरीस सोव्हिएत आकडेवारीनुसार बहुतांश कोळसा यंत्रानेच कापला जात होता. कापून पडलेला कोळसा कन्व्हेयरवर भरायला मात्र माणूस आणि फावडे, तेही वाकून किंवा गुडघ्यावर बसून. अहवालात कापणीची टक्केवारी जायची, तीत प्रगती झाली. फावड्याचा रकाना कोणी विचारीत नव्हते, म्हणून फावडे टिकले. नेमकी हीच फट बुजवण्यासाठी बाखमुत्स्कीचे यंत्र होते. युद्धानंतर ‘दोनबास’ नावाचे कंबाइन मोठ्या संख्येने निघाले आणि त्याच्या रचनाकारांना स्टालिन पारितोषिकही मिळाले, हेही खरे. तेव्हा खाणी पाण्याने भरलेल्या आणि हात कमी होते. माझ्या मते यंत्राचा नंबर लागला तो या अडचणीपायी.

सोव्हिएत संघ गेला, खाणी कंपन्यांच्या झाल्या. मग हे दुखणे साम्यवादी नियोजनाबरोबरच संपायला हवे होते. तसे झाले नाही. १९ मार्च २००७ रोजी सायबेरियातल्या कुझबास कोळसापट्ट्यात उल्यानोव्स्काया खाणीत स्फोट होऊन ११० माणसे दगावली. खाण नवी, मिथेनवर नजर ठेवणारी यंत्रणा अद्ययावत. अशा यंत्रणेचे काम सरळ असते: हवेतला मिथेन मर्यादेपलीकडे गेला की वीज आपोआप तोडायची. उत्पादन थांबू नये म्हणून याच यंत्रणेत जाणूनबुजून फेरफार केल्याचे सरकारी चौकशीत निघाले. रशियन खाणकामगाराच्या पगाराचा मोठा वाटा टनांवर अवलंबून असे. वीज तुटली की त्याची मजुरीही बुडे. पक्षसंघटकाच्या जागी कंपनीचा व्यवस्थापक आला, तरी मोजमाप तेच राहिले. मे २०१० मध्ये रास्पाद्स्काया खाणीत ९१ जण मेल्यावर तेव्हाचे पंतप्रधान पुतिन यांनी पगाराचा किमान ७० टक्के भाग निश्चित हवा असे सांगितले. दुखण्याचे मूळ सरकारलाही कळले होते, याची ही कबुलीच. कळणे आणि वळणे यांत अंतर असते: नोव्हेंबर २०२१ मध्ये लिस्तव्याझ्नाया खाणीत ५१ जण मेले, आणि मिथेनची नोंद दडपल्याचा आरोप पुन्हा झाला.

बेशिस्त कामगारच मिथेनचे सेन्सर झाकतात, त्यांना शिक्षा करा, असे यावर म्हटले जाते. शिक्षा जरूर व्हावी. पण खाली उतरणाऱ्याला स्फोटाची भीती व्यवस्थापकापेक्षा अधिकच असते. तरीही तो सेन्सरवर ओले फडके टाकत असेल, तर घरच्या खर्चाचा हिशेब त्याला तिथवर नेतो. स्वयंचलित यंत्रणा बसवल्याचा दाखला देणाऱ्या निरीक्षकाने म्हणूनच सेन्सरच्या नोंदींबरोबर खाणीचे पगारपत्रकही मागवावे. गॅसमुळे बंद राहिलेल्या पाळीचे पैसे कोणाच्या खिशातून गेले, हे तिथेच दिसते.