उरलेल्या कागदांतला सिनेमा

'रोबोकॉप' आणि 'बेसिक इन्स्टिंक्ट'मुळे पॉल व्हरहूवन हा दिग्दर्शक आपल्याकडच्या सिनेमावेड्यांना ठाऊक आहे. त्याचा पटकथाकार खेरार्ड सूटमन मात्र नेदरलँड्सबाहेर जवळपास अनोळखीच. 1969ची 'फ्लोरिस' ही दूरचित्रवाणी मालिका त्यानं लिहिली, तिथून ही जोडी जमली. पुढे 'टर्किश डिलाइट', 'स्पेटर्स', 'द फोर्थ मॅन' आले. हॉलिवूडला जाण्याआधीच्या व्हरहूवनमागे लेखणी होती ती सूटमनची.

मला त्याचे युद्धपट सगळ्यात मोलाचे वाटतात. सूटमन 1936चा, रॉटरडॅमचा. तो शाळेत जायच्या आधीच जर्मन बाँबफेकीत या शहराचा मध्यभाग भुईसपाट झाला होता. 1977च्या 'सोल्जर ऑफ ऑरेंज'मध्ये नाझींशी लढणाऱ्या डच विद्यार्थ्यांची शौर्यकथा आहे. देशानं ती डोक्यावर घेतली. पण त्या चित्रपटासाठी कागदपत्रं धुंडाळताना असंही बरंच हाती लागलं, जे शौर्यकथेत बसणारं नव्हतं: प्रतिकार चळवळीतली फितुरी, लपलेल्या ज्यूंना लुबाडून पकडून देणारी आपलीच माणसं. सूटमन आणि व्हरहूवन यांनी ते टाकून दिलं नाही.

मधल्या काळात सूटमननं हॅरी मुलिश यांच्या कादंबरीवरून 'द असॉल्ट' लिहिला. गोळी घालून मारलेल्या फितूर पोलिसाचं प्रेत शेजारी आपल्या दारातून उचलून दुसऱ्याच्या दारात ठेवतात आणि जर्मन सैनिक त्या दुसऱ्या घराची राखरांगोळी करतात. दोष कुणाचा? चित्रपट सोपं उत्तर देत नाही. फॉन्स राडेमाकर्स यांनी दिग्दर्शित केलेल्या या चित्रपटाला परभाषिक चित्रपटाचं ऑस्कर मिळालं.

ते बाजूला ठेवलेलं साहित्य मात्र वर्षानुवर्षं पटकथेत बसेना. नायक पुरुष होता आणि गोष्ट तिथंच अडत होती. शेवटी त्याच्या जागी स्त्री आली. जर्मन मुख्यालयात तिचा शिरकाव पटण्यासारखा होता, आणि रखडलेली गोष्ट चालू लागली. तीच 'ब्लॅक बुक'ची ज्यू नायिका राखेल. मुक्तीनंतर तिच्यावर घाण ओततात ते डच लोकच. स्वतःच्या देशाला हे दाखवायला धाडस लागतं, आणि ते आधी कागदावर करावं लागतं. म्हणून या चित्रपटांचं श्रेय एकट्या व्हरहूवनच्या नावावर जमा करणं मला अन्यायाचं वाटतं.

2006 साली आलेला 'ब्लॅक बुक' दोनच वर्षांत डच प्रेक्षकांनी आपला सर्वोत्तम चित्रपट म्हणून निवडला. तो जरूर पाहा. पण आधी 'सोल्जर ऑफ ऑरेंज' पाहा, आणि दोन्ही वेळा श्रेयनामावलीत पटकथेचं नाव येईपर्यंत थांबा.