चूक एका क्लिकची

परवा दुपारी भोसरीहून एक बाई घरी आल्या. चाकणच्या एका कंपनीच्या कँटीनमध्ये पोळ्या लाटतात. पहिली पाळी संपवून तशाच आलेल्या. सोबत दहावी झालेली लेक, रडून डोळे सुजलेले. "ताई, हिनं फॉर्म चुकवला बघा." अकरावीच्या ऑनलाइन अर्जात सायन्सऐवजी कॉमर्स पडलं होतं. खरं तर फॉर्म भरला नेट कॅफेवाल्यानं, बोलणी खाल्ली पोरीनं!

मी आधी विचारलं, मुदत कधी संपते? उद्या. मग कोर्टकचेरीची गरजच काय? साध्या कागदावर अर्ज लिहिला: काय चुकलं, केव्हा लक्षात आलं, काय दुरुस्त करून हवं. दोन प्रती केल्या आणि एकीवर पोच घ्यायला सांगितली. तोंडी "बघतो" म्हणणाऱ्याचा उद्या पुरावा राहत नाही, आणि पुढे कोर्टात जायची वेळ आलीच तर पहिला प्रश्न हाच असतो की तुम्ही लेखी कधी कळवलंत. दुसऱ्या दिवशी अर्ज दुरुस्त झाला.

पण मुदत टळून गेली असती तर? 2020 साली आग्र्याच्या अठरा वर्षांच्या मुलाचं असंच झालं. आईवडील नाहीत, जेईई अॅडव्हान्स्डमध्ये देशात 270वा. मुंबई आयआयटीत जागा मिळाली. आता पुढच्या फेऱ्या नकोत, असं समजून त्यानं ज्या लिंकवर क्लिक केलं, ती जागाच सोडून देण्याची निघाली. मुंबई उच्च न्यायालयानं नोव्हेंबरमध्ये याचिका फेटाळली. सर्वोच्च न्यायालयानं 9 डिसेंबरला तात्पुरता प्रवेश द्यायला सांगितलं. 2024 मध्ये मुझफ्फरनगरच्या एका मजुराच्या मुलाला 17,500 रुपये वेळेत भरता आले नाहीत. त्याची धनबाद आयआयटीतली जागाही सर्वोच्च न्यायालयानंच परत मिळवून दिली, राज्यघटनेच्या कलम 142 खाली.

हे वाचून बरं वाटतं, पण मैत्रिणींनो, हुरळून जाऊ नका. 142 चा अधिकार फक्त सर्वोच्च न्यायालयाला आहे. उच्च न्यायालयात कलम 226 खाली रिट करता येते, त्यासाठी आपल्याला मुंबई गाठावी लागते आणि तोवर जागा भरत जातात. कुणी ग्राहक न्यायालयात जा म्हणेल. परीक्षा मंडळं आणि विद्यापीठांविरुद्ध तो दरवाजा सर्वोच्च न्यायालयाच्या 2009 आणि 2010 च्या निकालांनी बंद केलाय.

वकिलाच्या फीची धास्ती मात्र नको. 1987 च्या विधी सेवा कायद्यानुसार स्त्रिया, मुलं, अनुसूचित जाती-जमाती आणि औद्योगिक कामगार यांना मोफत वकील मिळतो, उत्पन्नाची अट नाही. एवढी कामगारवस्ती आपली, पण किती घरांत हे ठाऊक आहे? शिवाजीनगरच्या जिल्हा न्यायालयात चौकशी करा.

आणि माझं स्पष्ट मत सांगते. पंधरा-सोळा वर्षांच्या मुलांच्या अर्जात, यादी लागल्यावरही, उघड दिसणारी चूक दुरुस्त करायला एक दिवस द्यायलाच हवा. बँकसुद्धा पैसे पाठवण्याआधी दोनदा विचारते. आग्र्याच्या मुलाला दिल्लीपर्यंत जाता आलं, कँटीनमधल्या बाईनं रजा कितीदा काढायची?

निघताना मी त्या बाईंना विचारलं, अर्जाचा पासवर्ड कुणाकडे आहे? "कॅफेवाल्याकडेच की!" मग लेकीला तिथंच बसवून तो आधी बदलून घेतला.