अंतर मिटते, भिंती उरतात

दोन ठिकाणांमधील अंतर यंत्राने मिटविले की माणसामाणसांतील अंतरही आपोआप मिटेल, ही समजूत तारायंत्राइतकीच जुनी आहे. प्रत्येक नव्या संपर्कसाधनाबरोबर ती नव्या उत्साहाने मांडली जाते. तिची कसोटी पाहावयाची तर ती टोकापर्यंत नेऊनच पाहिली पाहिजे. हे काम अर्थशास्त्राच्या ग्रंथांपेक्षा एका अमेरिकन कादंबरीकर्त्रीने अधिक नेटकेपणाने केले आहे.

अर्सुला ल ग्विन (१९२९–२०१८) यांनी १९६६ साली प्रसिद्ध झालेल्या ‘रोकॅनन्स वर्ल्ड’ या कादंबरीत ‘अ‍ॅन्सिबल’ नावाचे काल्पनिक यंत्र प्रथम आणले. ताऱ्याताऱ्यांत विखुरलेल्या जगांमध्ये प्रवासाला कित्येक वर्षे लागतात. अ‍ॅन्सिबलवरील संदेश मात्र त्याच क्षणी पोहोचतो. भौतिकशास्त्राला हे मान्य नाही. सापेक्षता सिद्धान्तानुसार कोणताही संकेत प्रकाशाहून वेगाने जाऊ शकत नाही. मंगळापर्यंत संदेश जाण्यास ग्रहांच्या स्थितीनुसार सुमारे ३ ते २२ मिनिटे लागतात. परंतु यंत्र शक्य आहे की नाही, हा येथे प्रश्न नाही. प्रश्न आहे तो मालकीचा.

१९७४ च्या ‘द डिस्पझेस्ड’ या कादंबरीत ल ग्विन यांनी तो सरळ हाती घेतला. शेवेक हा अनारेस या ओसाड उपग्रहावरील शास्त्रज्ञ. तेथे खाजगी मालमत्ता नाही, राज्यसंस्थाही नाही. ज्यातून अ‍ॅन्सिबल शक्य होईल असा कालविषयक सिद्धान्त त्याच्या हाती येऊ घातला आहे. शेजारच्या उरास या संपन्न ग्रहावरील भांडवलशाही राष्ट्र त्याला सन्मानाने बोलावते. त्याचे प्रतिस्पर्धी असलेले हुकूमशाही राष्ट्रही गळ टाकून बसलेले असते. ज्याच्या हाती हा सिद्धान्त पडेल त्याच्या हाती सर्व जगांवरील वर्चस्वाची किल्ली येईल, हे दोघेही जाणतात. शेवेक तो कोणालाच विकत नाही. उरासवरील सार्वत्रिक संपात सामील झालेल्या जमावावर गोळ्या चालल्यानंतर तो पृथ्वीच्या वकिलातीत आश्रय घेतो, आणि सिद्धान्त सर्व ज्ञात जगांना एकाच वेळी कळवावा एवढीच मागणी करतो. जे सर्वांजवळ आहे त्याची मक्तेदारी कोणाला करता येत नाही, हे साधे अर्थशास्त्र त्यामागे आहे.

हेच यंत्र दुसऱ्या हाती गेले की काय होते, तेही अमेरिकन साहित्यातच पाहावयास मिळते. ऑर्सन स्कॉट कार्ड यांनी १९८५ च्या ‘एन्डर्स गेम’मध्ये अ‍ॅन्सिबल उसने घेतले आणि सेनापतीच्या हाती दिले. तेथे खेळ समजून हुकूम सोडणारा मुलगा दूरवरची एक अख्खी जात नष्ट करतो.

ही केवळ कल्पनेतील गोष्ट नव्हे. १८७० साली मुंबई आणि लंडन समुद्रातील तारेने जोडले गेले. आगबोटीच्या टपालाने ज्या बातमीला आठवडे लागत, ती आता तासांच्या हिशेबात येऊ लागली. लिव्हरपूलचा कापसाचा भाव मुंबईच्या व्यापाऱ्याला कळू लागला. वऱ्हाडातील कुणब्याला तो कळत असे तो व्यापारी सांगेल तेव्हा आणि सांगेल तेवढा. पुढे १८७६ ते १८७८ या काळात दख्खन आणि दक्षिण भारत दुष्काळाने होरपळला. तारा होत्या, आगगाड्या होत्या. तरीही त्याच काळात हिंदुस्थानातून गहू इंग्लंडला जात होता. भुकेची बातमी सरकारला मिळत नव्हती असे नव्हे. मिळालेल्या बातमीवर काय करावयाचे हे ठरविण्याचा अधिकार भुकेल्यांजवळ नव्हता.

त्याच १८७० साली रॉयटर, हावास आणि वुल्फ या तीन युरोपीय वृत्तसंस्थांनी जगाची क्षेत्रे आपसांत वाटून घेतली. वृत्तप्रवाहातील या विषमतेविरुद्ध नवस्वतंत्र राष्ट्रांनी १९७० च्या दशकात आवाज उठविला. युनेस्कोने नेमलेल्या मॅकब्राइड आयोगाचा अहवाल १९८० मध्ये आला. अमेरिका १९८४ अखेर आणि ब्रिटन १९८५ अखेर युनेस्कोतून बाहेर पडले. या विषयावरील रोष हे त्यामागील एक प्रमुख कारण होते. आज वेग हीच विक्रीची वस्तू झाली आहे. २०१० साली शिकागो आणि न्यूयॉर्क यांमध्ये एका खाजगी कंपनीने केवळ काही सहस्रांश सेकंद वाचविण्यासाठी डोंगर फोडून नवी केबल टाकली. तिचे गिऱ्हाईक होते सट्टेबाज. त्या वाचलेल्या क्षणाने कोणाचेही दुःख कमी झाले नाही.

येथवर समाजवादी वाचक संतोषाने मान डोलावील. परंतु ल ग्विन यांची खरी कसोटी पुढेच आहे. शेवेकला पहिली भिंत आडवी येते ती उरासवर नव्हे, अनारेसवर. तेथे मालक नाही, पोलीस नाही. तरीही साबुल नावाचा ज्येष्ठ शास्त्रज्ञ काय छापावयाचे आणि परग्रहावर कोणाशी पत्रव्यवहार करावयाचा, हे आपल्या मुठीत ठेवतो. तरुणाच्या संशोधनावर स्वतःचे नाव चढवितो. त्याला कोणी सत्ता दिलेली नाही; लोकमताच्या दडपणाने आणि सवयीने ती त्याच्याकडे आली आहे. क्रांतीचा वारसा सांगणाऱ्या समाजात प्रश्न विचारणारा ‘स्वार्थी’ ठरतो. अखेर शेवेक आणि त्याचे सहकारी स्वतःचा छापखाना चालवितात आणि उरासशी स्वतः संपर्क साधतात; त्याबद्दल स्वकीयांकडूनच द्रोहाचा आरोप ऐकतात.

खाजगी मालकीचा अंत ही संवादाच्या स्वातंत्र्याची आवश्यक अट आहे. पुरेशी अट नव्हे. जेथे वरून खाली हुकूम क्षणात जातो आणि खालून वर तक्रार जाण्यास वर्ष लागते, तेथे संपर्कसाधन कितीही प्रगत असो, त्याला संवाद म्हणता येणार नाही. सार्वजनिक पैशाने झालेले संशोधन सार्वजनिक राहिले पाहिजे, संदेशवहनाच्या वाहिन्या लोकांच्या नियंत्रणाखाली आल्या पाहिजेत, या मागण्या योग्यच आहेत. परंतु त्या करणाऱ्या चळवळीने स्वतःच्या शाखेत, युनियनमध्ये आणि साप्ताहिकात कोणाचे पत्र छापले जाते आणि कोणाचे फाइलीत पडून राहते, याचाही हिशेब ठेवला पाहिजे. साबुलला यंत्राची गरज लागत नाही. त्याला इतरांचे मौन पुरते.