अक्षरांची जादू आणि जमिनीचा उतारा

काही चिन्हे विशिष्ट क्रमाने लिहावीत आणि लिहिताक्षणी भोवतालची वस्तुस्थिती पालटावी, अशा यंत्रविद्येच्या कल्पित कथा आज मोठ्या आवडीने वाचल्या जातात. वाचणारा बहुधा शहरी, सुशिक्षित असतो आणि सातपुड्यातला भिल्ल दंडाला मंतरलेला ताईत बांधतो हे ऐकून तो हसतो. वास्तविक अशी विद्या महाराष्ट्रात इंग्रजी अमलापासून अव्याहत चालू आहे. तिचे मंत्र कधी मोडीत, कधी बाळबोधीत लिहिले गेले. तिच्यावर सरकारी शिक्का असतो. आणि तिने शेतकऱ्यांचे मजूर केले आहेत.

तापी-गोमाईच्या संगमावरचे, शहादे तालुक्यातील प्रकाशा हे गाव दक्षिण काशी म्हणून प्रसिद्ध आहे. याच गावी १९५५ साली पुरातत्त्व खात्याने उत्खनन करून ताम्रपाषाणयुगापासूनच्या वस्तीचे थर उजेडात आणले, हे केदारेश्वराच्या दर्शनास येणाऱ्या फार थोड्यांना ठाऊक असते. त्या आद्य रहिवाशांची रंगविलेली मडकी मिळाली. लेखन मिळाले नाही, कारण ती विद्या त्यांना अवगत नव्हती. या नदीकाठी माणूस वस्ती करून अन्न पिकवू लागला, त्यानंतर हजारो वर्षांनी जमीन कोणाची हे कागदाने ठरू लागले. आधी कसणे, मग कागद, असा हा इतिहासाचा क्रम आहे. ब्रिटिश महसूल पद्धतीने तो उलटा केला, आणि स्वराज्यानेही तो सरळ केला नाही.

ही जादू चालते कशी ते पाहण्यासारखे आहे. दुष्काळात दोन पोती धान्यासाठी जमीन गहाण पडते. कोऱ्या किंवा न वाचलेल्या कागदावर अंगठा उमटतो. त्या कागदाच्या आधारे गाव नमुना सहामध्ये फेरफार पडतो आणि तो मंजूर झाला की सातबाराच्या उताऱ्यावरचे नाव बदलते. फेरफाराची नक्कल चावडीवर लावावी, हितसंबंधितांना लेखी कळवावे, असे कायदा सांगतो. परंतु ज्याच्या घरी भिली बोलली जाते आणि ज्याला मराठी अक्षर ओळखता येत नाही, त्याला लेखी कळविणे म्हणजे न कळविणेच होय. पुढे महाराष्ट्र जमीन महसूल संहितेचे कलम १५७ उभे राहते: नोंद खोटी असल्याचे सिद्ध होईपर्यंत ती खरी मानली जाईल! खोटेपणा सिद्ध करण्याचा भार अर्थातच ज्याचे गेले त्याच्यावर. शेत तेच, राबणारे हात तेच. एका ओळीनंतर खातेदाराचा सालदार होतो.

अक्षरांत ही शक्ती येते कोठून? शाईतून खचित नाही. अक्षरामागे कचेरी असते, कचेरीमागे न्यायालय, न्यायालयामागे बंदूकधारी शिपाई. ८ नोव्हेंबर २०१६ च्या रात्री पाचशे आणि हजारांच्या नोटांचे पाहता पाहता कागद झाले, तेव्हा मध्यमवर्गालाही या विद्येची ओझरती ओळख झाली. सुप्याच्या शेतकऱ्यांना ती १८७५ सालीच पटली होती. त्या वर्षीच्या १२ मे रोजी त्यांनी सावकारांच्या जिवाला फारसा हात लावला नाही. कर्जरोखे मात्र मागून घेतले आणि जाळले. इंग्रज अधिकाऱ्यांनी त्याला दंगा म्हटले. व्याधीचे निदान मात्र त्या निरक्षरांनी अचूक केले होते.

शहाद्यातही तेच झाले. १९७१ साली पाटीलवाडीला धान्यावरून आदिवासींवर गोळ्या झाडल्या गेल्या. जानेवारी १९७२ मध्ये शहाद्यास भूमुक्ती मेळावा भरला. अंबरसिंग सुरतवंती आणि त्यांच्या साथीदारांनी गेलेल्या जमिनींचा प्रश्न उघड्यावर आणला. १ एप्रिल १९५७ ते ६ जुलै १९७४ या काळात बिगर-आदिवासींकडे गेलेल्या जमिनी परत करण्याचा १९७४ चा कायदा अशा लढ्यांच्या दडपणाशिवाय झाला नसता.

हे सर्व आज सांगण्याचे कारण आहे. नंदुरबार जिल्ह्यात २०११ च्या जनगणनेनुसार सुमारे ६९ टक्के लोक आदिवासी आहेत. येथे पुरोगामी कार्यकर्ता पोचतो तो बहुतेक अंधश्रद्धेविरुद्ध व्याख्यान घेऊन. ते काम अवश्य व्हावे. डॉ. नरेंद्र दाभोलकरांच्या बलिदानानंतर २०१३ साली जादूटोणाविरोधी कायदा झाला. जानेवारी २०२१ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाने चमत्कारी गुणांचे दावे करून यंत्रे विकणाऱ्या दूरचित्रवाणीवरील जाहिराती त्याच कायद्याखाली बेकायदेशीर ठरविल्या. परंतु ताईत सोडायला सांगणारा जर उतारा वाचून दाखवीत नसेल, तर लोक त्याचे का ऐकतील? ताईत फार तर रुपये नेतो. उताऱ्यावरची नोंद शेत नेते.

प्रकाशाच्या सपाट काळ्या रानातून उत्तरेस अक्राणी-अक्कलकुव्याकडे गेले की तोच प्रश्न वनजमिनीच्या रूपाने उभा राहतो. वनहक्क कायदा २००६ चा. १३ फेब्रुवारी २०१९ रोजी सर्वोच्च न्यायालयाने दावे फेटाळलेल्यांना जमिनीवरून हटविण्याचा आदेश दिला आणि २८ तारखेस त्याला स्थगिती दिली. त्या पंधरवड्यात देशभरच्या डोंगरांत जे भय पसरले, ते फेटाळल्याच्या एका शेऱ्याचे भय होते.

या कायद्याच्या नियम १३ मध्ये मात्र एक वेगळी वाट आहे. दावेदाराखेरीज गावातील वडीलधाऱ्यांचे निवेदन, लिहून घेतलेले, पुरावा म्हणून ग्राह्य आहे. तसेच झोपडी, बांध यांसारख्या जमिनीवरच्या खुणाही. म्हातारा जे तोंडाने सांगतो ते येथे प्रथमच कागदाच्या बरोबरीने बसते. ती निवेदने आज कोण लिहून घेत आहे? पक्षाच्या शाखांनी शिबिरांचे ठराव थोडे कमी करून प्रत्येक पाड्यावर दोन साक्षर तरुण या कामी बसवावेत. लिहिलेले सर्व त्यांच्याच बोलीत वाचून दाखवावे, आणि मगच अंगठा घ्यावा. दावा फेटाळला असेल तर कारणे लेखी मागावीत. उपविभागीय समितीच्या निर्णयाविरुद्ध जिल्हा समितीकडे जाण्यास ६० दिवसांची मुदत आहे. ती कोणाची कधी संपते याची वही शाखेत असली पाहिजे.