एकेश्वराची उसनवारी

एकच देव मानण्याचा विचार माणसाला इतिहासात एकदाच सुचला आणि मग तो एका समाजाकडून दुसऱ्याकडे उसना जात राहिला, ही समजूत शिकल्यासवरल्या लोकांत घट्ट बसली आहे. तिचा सर्वांत नामांकित वकील म्हणजे मनोविश्लेषक सिग्मंड फ्रॉइड. 1939 साली, आयुष्याच्या शेवटच्या वर्षी, त्याने मोझेसवरचे पुस्तक प्रसिद्ध केले. मोझेस जन्माने इजिप्शियन होता आणि फेरो अखेनातेनचा बुडालेला पंथ त्याने ज्यूंच्या हाती दिला, असे त्यात मांडले. या तर्काची देशी आवृत्ती आपल्याकडेही ऐकू येते. महानुभाव पंथाचा एकच परमेश्वर ही इस्लामची छाया आहे, असे ठासून सांगणारे भेटतात. या दोन दाव्यांच्या विषयांत सुमारे अडीच हजार वर्षांचे अंतर असले तरी त्यांचा दोष एकच आहे. दोन विचारांत साम्य दिसले की एक दुसऱ्यावरून उचलला असे ते धरून चालतात. वाट कोणती, काळ जुळतो का आणि आतला गाभा सारखा आहे का, हे तीन प्रश्न ते विचारतच नाहीत.

आधी इजिप्त पाहू. आमेनहोतेप चौथा हा राजा इ.स.पू. 1353 च्या सुमारास गादीवर आला. त्याने अखेनातेन हे नाव घेतले, आजच्या अमार्ना येथे नवी राजधानी वसवली आणि सूर्यबिंबाला, म्हणजे आतेनला, एकमेव पूजनीय ठरवले. आमोन या जुन्या मुख्य देवाचे नाव भिंतीभिंतींवरून छिन्नीने खरवडले गेले. हे सगळे खरे. पण या पंथात आतेनला ओळखणारा राजाच होता आणि प्रजा पूजा करायची ती राजाच्या आडून. अमार्नातल्या कारागिरांच्या वस्तीत उत्खनन झाले, तेव्हा बेस आणि तावेरेत या घरगुती देवतांचे ताईत सापडले. म्हणजे राजधानीच्या वेशीतसुद्धा हा एक देव घरात शिरला नव्हता. राजा गेला आणि थोड्याच वर्षांत गादीवरचा तूतांखातेन आमोनच्या नावाने तूतांखामोन झाला, आतेनच्या देवळांचे दगड पुढच्या राजांच्या बांधकामांत भराव म्हणून गेले आणि सेती पहिल्याच्या अबिडोस येथील राजांच्या यादीतून अखेनातेनचे नावच गळले. ज्याची आठवण त्याच्याच देशाने पुसली, त्याचा पंथ परक्या गुलामांनी शतकानुशतके जिवंत ठेवला, असे मानायचे तर पुरावा हवा. फ्रॉइडचा एक मुख्य आधार होता तो मोझेसच्या नावाचे इजिप्शियन वळण. ते वळण खरे आहे, पण नावावरून धर्म सिद्ध होत नाही.

यावर एक वजनदार आक्षेप येतो. आय या अधिकाऱ्याच्या थडग्यात कोरलेले आतेनचे महास्तोत्र आणि बायबलमधले 104 वे स्तोत्र यांत रात्री भक्ष्यासाठी बाहेर पडणारे सिंह, पहाटे कामाला लागणारी माणसे, समुद्रातली गलबते ही चित्रे जवळजवळ त्याच क्रमाने येतात. हे साम्य नाकारण्यात अर्थ नाही. मात्र आतेनच्या स्तोत्रात अंधार म्हणजे देवाची अनुपस्थिती. सूर्य मावळला की जग मेल्यासारखे पडते आणि सिंह-साप मोकळे सुटतात. हिब्रू स्तोत्रात रात्र देवानेच केली आहे, सिंह देवाकडेच अन्न मागतो आणि सूर्य केवळ मावळतीची वेळ पाळणारा चाकर आहे. कनानमधली शहरे दीर्घकाळ इजिप्तच्या अमलाखाली होती, तेव्हा सूर्यस्तुतीची प्रतिमाने तिथल्या कवींपर्यंत पोहोचली असतील. पण हिब्रू कवीने प्रतिमा घेताना तिच्यातल्या देवाला पदच्युत केले आहे. याला उसनवारी म्हणायचे असेल तर म्हणा, त्यातून फ्रॉइडचा निष्कर्ष निघत नाही.

इस्राएलाचा एकेश्वर एका रात्रीत अवतरला नाही, हे जमिनीतून निघालेले पुरावे सांगतात. इ.स.पू. 800 च्या सुमाराच्या कुंतिलेत अजरूद येथील लेखांत इस्राएलच्या यहोवा या देवाबरोबर ‘त्याची अशेरा’, म्हणजे एका देवीचे नाव, आहे. नाईलमधल्या एलिफन्टाइन बेटावरच्या ज्यू वसाहतीच्या इ.स.पू. पाचव्या शतकातल्या कागदपत्रांत त्याच देवाशेजारी इतर दैवतांची नावे येतात. दहा आज्ञांतली पहिली आज्ञासुद्धा इतर देव नाहीत असे म्हणत नाही, त्यांना भजू नका असे म्हणते. आधी आली ती अनन्य निष्ठा. तिला धार दिली होशेयसारख्या संदेष्ट्यांनी, तिला कायद्याचे रूप दिले योशीया राजाच्या काळातल्या सुधारणेने. त्या कायद्याची भाषा असिरियाच्या सम्राटांनी मांडलिकांकडून घेतलेल्या शपथांशी जुळते. म्हणजे उसने घेतलेच असेल तर ते बादशाहीचे करारपत्र, आणि तेही राजाऐवजी देवाच्या नावे फिरवून. मग इ.स.पू. 586 मध्ये यरुशलेमचे मंदिर जळाले, लोक बॅबिलोनला नेले गेले, आणि त्या पराभवातच यशयाच्या ग्रंथाच्या उत्तरार्धात ‘दुसरा देवच नाही’ हे स्पष्ट उच्चारले गेले. अखेनातेनचा देव राजासोबत मेला. ज्यूंचा देव राज्य मेल्यावर एकमेव झाला.

आता दुसऱ्या, महानुभावांविषयीच्या दाव्यासाठी लोणारकडे या. बुलढाणा जिल्ह्यातल्या या गावात दैत्यसूदनाचे देऊळ आहे, सरोवराच्या काठाने कमळजेपासून महादेवापर्यंत देवळांची ओळ आहे. मेहकर आणि लोणार ही दोन्ही गावे महानुभावांच्या लीळाचरित्र या ग्रंथात येतात. तेराव्या शतकात याच बहुदैवत भूमीत वावरून पंथाचे प्रवर्तक चक्रधरस्वामींनी जीव, देवता, प्रपंच आणि परमेश्वर हे चार अनादी पदार्थ वेगळे केले. देवतांचे अस्तित्व त्यांनी नाकारले नाही, उलट पंथाने त्यांची एक्याऐंशी कोटी सव्वा लक्ष दहा अशी गणना ठेवली. त्यांनी एवढेच सांगितले की देवता आपल्या कुवतीचे फळ देते, मोक्ष देणारा परमेश्वर एकच. ज्या काळात यादवांचा मंत्री हेमाद्री व्रतांचे प्रचंड संकलन करत होता, त्या काळातली ही भूमिका आहे. व्रतावर व्रत चढत असलेल्या समाजातून उठलेले हे उत्तर आहे, आणि त्याला बाहेरचा दाता शोधण्याची गरज नाही.

चक्रधर भडोचचे, भडोच हे बंदर, तिथे अरब व्यापारी, मग कानावर इस्लाम पडला असेलच, असा प्रतिवाद होतो. कानावर पडला असेलही. पण अल्लाउद्दिन खिलजीची देवगिरीवरची स्वारी 1296 ची, आणि म्हाइंभटांनी लीळाचरित्रातल्या लीळांचे, म्हणजे चक्रधरांच्या आठवणींचे, संकलन त्याआधीच केले होते. तेव्हा सत्तेचा दबाव तर नव्हताच. काळाहून मोठी अडचण गाभ्याची आहे. महानुभाव मताचा कणा अवतार आहे. श्रीकृष्ण, दत्तात्रेय, चक्रपाणी, गोविंदप्रभू आणि चक्रधर या पाच रूपांत परमेश्वर माणसांत वावरला, हे त्या मताचे हृदय. देव माणूस होणे ही कल्पनाच इस्लामला अमान्य आहे. कर्म आणि पुनर्जन्मही तिथे नाहीत. गाभाच उलटा असताना उसने घेतले काय?

इतर देवता मानणारा पंथ एकेश्वरवादी कसा, असा शेवटचा आक्षेप उरतो. मग होशेयच्या काळचा इस्राएलही बाद करावा लागेल, आणि निव्वळ दुसऱ्यांची नावे खोडणारा अखेनातेन तेवढा खरा ठरेल. मला हे माप चुकीचे वाटते. एकेश्वरवादाचे बीज देवांच्या मोजणीत नसून माणसाने आपली निष्ठा कोणाला द्यायची या प्रश्नात आहे. निष्ठेचा हा प्रश्न फेरोने हुकमाने सोडवला, संदेष्ट्यांनी पराभव सोसून आणि चक्रधरांनी मराठी निरूपणातून. महानुभावांनी पुढे आपली पोथी सकळ या सांकेतिक लिपीत झाकून राज्याश्रयाविना जपली आणि पंजाबपर्यंत नेली. ती आज उघड्यावर वाचता येते यात बुलढाणा जिल्ह्यातल्याच नरवेलच्या वि. भि. कोलते यांच्या संपादनाचा मोठा वाटा आहे. लोणारला उल्केचे विवर दाखवायला पाहुण्यांना नेणाऱ्या प्रत्येक शिक्षकाने आणि वाटाड्याने त्यांना या विचाराचीही ओळख करून द्यावी, आणि उसनवारीचा दावा करणाऱ्यांनी आधी लीळाचरित्र हातात घ्यावे.