किल्ली साऱ्या गावाला ठाऊक!

आमच्या शेजारच्या गृहस्थांनी धनत्रयोदशीच्या मुहूर्तावर दोन कॅमेरे बसवले; एक दारावर आणि दुसरा थेट बाळाच्या पाळण्यावर. कचेरीत बसून मोबाइलवर बाळ दिसते, हे त्यांनी फराळाला बोलावून कौतुकाने दाखवले. मी विचारले, "कारखान्यातून आलेला पासवर्ड बदललात ना?" ते हसले. "मास्तर, आमच्या घरात बघण्यासारखे आहे तरी काय?"

माझे भांडण आहे ते याच वाक्याशी.

बघण्यासारखे काय, हे बघणारा ठरवतो, घरधनी नव्हे. अमेरिकेत २०१२ साली ट्रेंडनेट कंपनीच्या सुमारे ७०० कॅमेऱ्यांतील दृश्ये इंटरनेटवर कोणीही पाहावीत अशी उघडी पडली. त्यांत होते काय? पाळण्यात निजलेली बाळे, खेळणारी मुले, घरात वावरणारी माणसे. म्हणजे आमच्या शेजाऱ्यांच्या घरात आहे तेवढेच! आणि दूर कशाला जा? राजकोटच्या एका प्रसूतिगृहात स्त्रियांची तपासणी चालली असतानाची दृश्ये विकली जात असल्याचे २०२५ च्या फेब्रुवारीत उघडकीस आले. संशयावरून धरलेल्यांत आपल्या महाराष्ट्रातलेही होते. आता सांगा, त्या माउल्यांनी काय लपवले होते?

दोष कारखानदाराचाही आहे. हजारो कुलपांना एकच किल्ली करायची आणि तीही माहितीपुस्तिकेत छापायची, याला काय म्हणावे? २०१६ साली 'मिराय' नावाच्या प्रोग्रॅमने असल्या साठेक ठरीव किल्ल्या फिरवून लाखो कॅमेरे व तत्सम यंत्रे काबीज केली.

सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायमूर्तींनी २०१७ साली खाजगीपणा हा मूलभूत हक्क ठरवला. पण तुमच्या माजघरातला कॅमेरा उतरवायला न्यायालय येणार नाही. ते तुम्हीच करायचे आहे.

तेव्हा लक्ष्मीपूजनापूर्वी एवढे कराच. निजण्याच्या, कपडे बदलण्याच्या खोलीतला कॅमेरा काढा. दारावरचा ठेवायचा तर पासवर्ड आजच बदला, आणि तो लांबलचक ठेवा. कंपनीने पाठवलेल्या दुरुस्त्या वेळच्या वेळी घ्या. दुरून पाहण्याची गरज नसेल तर ती सोय बंद करा.

घराला कुलूप लावताना आपण 'आत आहेच काय' असे म्हणत नाही. मग इथेच का म्हणावे? पाळण्यातल्या बाळाला अजून 'नको' म्हणता येत नाही. त्याच्या वतीने ते आपणच म्हटले पाहिजे.