कोनफ्लॉवर वाफ्यातच बरे

आपल्या जिल्ह्यातल्या पुष्कळ घरांतली मुले आता अमेरिकेत असतात. उन्हाळ्यात आई-वडील तिकडे जाऊन येतात आणि येताना बॅगेत बदाम-चॉकलेटांबरोबर औषधांच्या बाटल्याही आणतात. त्यांतल्या एका बाटलीवर जांभळट गुलाबी फूल छापलेले असते. नाव इकिनेशिया. सर्दीवर रामबाण आणि प्रतिकारशक्ती वाढवणाऱ्या म्हणून त्या गोळ्या शेजारीपाजारी वाटल्याही जातात. या फुलाबाबत माझ्याकडून एक चूक झाली, ती आधी सांगतो.

एक निवृत्त शिक्षिका संधिवातासाठी माझ्याकडे येतात. तज्ज्ञांनी सुरू केलेली मेथोट्रेक्झेटची गोळी त्या आठवड्यातून एकदा घेत. एके दिवशी त्यांनी ही बाटली पुढे केली. "डॉक्टर, लेकीनं पाठवल्यात. फुलाच्याच गोळ्या आहेत, घेऊ ना?" दवाखान्यात गर्दी होती. बाटली न वाचताच मी म्हणालो, "घ्या की बाई." दोन महिन्यांनी बाई आल्या त्या दोन्ही मनगटे सुजलेली घेऊन. सकाळी वेणी घालता येईना. आठवड्याची गोळी त्यांनी बंद केली होती. "ती कडक, ही फुलाची. तुम्हीच घ्या म्हणालात," त्या म्हणाल्या. मला उत्तर नव्हते.

बाईंच्या प्रकारच्या संधिवातात शरीराची प्रतिकारशक्तीच सांध्यांवर उलटलेली असते. तिला आवर घालण्यासाठी मेथोट्रेक्झेट असते. तिथे प्रतिकारशक्ती वाढवण्याच्या नावाने विकली जाणारी गोळी घेणे म्हणजे एका हाताने लगाम खेचायचा आणि दुसऱ्याने चाबूक मारायचा. त्यात लगामही सुटला.

पुढे ओहायोत मुलाकडे चार महिने राहण्याचा योग आला, तेव्हा हे झाड प्रत्यक्ष पाहिले. त्याला तिकडे कोनफ्लॉवर म्हणतात. ते अमेरिकेच्या मध्य आणि पूर्व भागातल्या गवताळ प्रदेशांचे मूळ रहिवासी. मधला भाग शंकूसारखा उंच आणि काटेरी, पाकळ्या खाली झुकलेल्या. इकिनेशिया हे नावही साळिंदरासारख्या काटेरी प्राण्यासाठी असलेल्या ग्रीक शब्दावरून आले आहे.

मुलाकडे गेल्यावर आपल्या वयाच्या माणसांचे काय होते हे वेगळे सांगायला नको. मुले कामावर, रस्त्यावर चिटपाखरू नाही. दिवसभर टीव्ही आणि खाणे. माझी साखर तिसऱ्याच आठवड्यात वाढली. तेव्हा सौभाग्यवतींनी मुलाला कोनफ्लॉवरची सहा रोपे आणायला लावली आणि खुरपे माझ्या हाती दिले.

ज्यांना पुढे तिकडे जायचे आहे त्यांच्यासाठी माहिती देतो. थंडी सरल्यावर, मे महिन्यात रोपे लावावीत. जागा निदान सहा तास उन्हाची आणि पाण्याचा निचरा होणारी हवी. झाड दोन ते चार फूट वाढते, म्हणून दोन रोपांत दीड-दोन फूट अंतर ठेवावे. पहिल्या वर्षी नियमित पाणी द्यावे, एकदा मूळ धरले की थोडा दुष्काळही ते सोसते. खत बेताने घालावे, नाहीतर झाड नुसतेच वाढते आणि लवंडते. बी लावायचे तर त्याला आधी महिनाभर ओल्या वाळूत फ्रीजमध्ये ठेवावे, किंवा थंडीच्या तोंडावर बाहेरच पेरावे. बियांपासून केलेले झाड बहुधा दुसऱ्या वर्षी फुलते. सुकलेली फुले खुडली की नवी येतात. मात्र हंगामाच्या शेवटची झाडावरच राहू द्यावीत. त्यांच्या बिया खायला पिवळेधमक गोल्डफिंच पक्षी येतात. एखाद्या झाडाची फुले हिरवी, वेडीवाकडी येऊ लागली तर तो तुडतुड्यांनी पसरणारा रोग असतो. त्याला औषध नाही, झाड उपटून टाकावे.

रोज जेवणानंतर अर्धा तास मी त्या वाफ्यात असे. साखर आटोक्यात आली. कंपाउंडपलीकडचे शेजारी फुले पाहून बोलू लागले. या झाडाचा गुण मी पाहिला तो एवढाच, आणि तो पुरेसा आहे.

मग गोळ्यांचे काय? तिथले आदिवासी याचे मूळ दातदुखीवर, घसादुखीवर चघळत. मुळाने जीभ बधिर होते हे खरे. पण सर्दीचे म्हणाल तर 2003 साली अमेरिकेत 400 हून अधिक मुलांवर झालेल्या चाचणीत सर्दीचा एक दिवसही कमी झाला नाही, उलट अंगावर पुरळ मात्र जास्त मुलांना आले. 2014 साली 24 चाचण्या एकत्र तपासल्या गेल्या, त्यांतही ठोस फायदा दिसला नाही. अमेरिकेत 1994 च्या कायद्यानुसार अशा गोळ्या पूरक आहार म्हणून विकल्या जातात. त्या गुणकारी आहेत हे विक्रीपूर्वी सरकारला सिद्ध करून दाखवावे लागत नाही.

आणखी एक. हे झाड शेवंती, झेंडू, सूर्यफूल यांच्या कुळातले आहे. आपले गाजर गवतही त्याच कुळातले. ज्यांना गाजर गवताने खाज सुटते, दम लागतो, त्यांनी या गोळ्यांपासून लांबच राहावे. मूत्रपिंड बदललेल्यांनी, प्रतिकारशक्ती दाबणारी औषधे घेणाऱ्यांनी तर त्यांना हातही लावू नये.

आपल्याकडे कोनफ्लॉवरच हवे असा हट्ट कशाला? त्याच्याच कुळातली शेवंती, झेंडू अंगणात लावा. बसायला पाट घ्या, हातमोजे घाला आणि धनुर्वाताची लस घेतली आहे ना ते पाहा.

बाईंची गोळी पुन्हा सुरू झाली, सूज उतरली. 'फुलाचे आहे, अपाय काय होणार' हे वाक्य त्यांचे होते, पण त्याला मान डोलावणारा मी होतो. म्हणून विनंती एवढीच, की परदेशातून आलेली बाटली उघडण्याआधी आपल्या डॉक्टरांना दाखवा. आणि त्यांनी ती न वाचताच 'घ्या' म्हटले, तर त्यांना ती वाचायला लावा.